वाचक विचारतात : जेड्डाचे खरे नाव

प्रश्न : सालेकसा तालुक्यातील जिल्हा परिषद शाळेच्या एक शिक्षिका लिहितात : दिवाळीच्या सुटीत भाचीने मोबाइलवर 'बुश ख्रिसमस' नावाचा ऑस्ट्रेलियातील बालचित्रपट दाखवला. पुढे जगप्रसिद्ध झालेली निकोल किडमन त्यात कोवळ्या वयात दिसते. याच नावाचा याहून जुना चित्रपट आहे, असे भाचीने सांगितले. त्या जुन्या चित्रपटातील मुलगी कोण होती? आणि तिकडच्या बालचित्रपटांत तेथील आदिवासींच्या कथा कितपत उतरल्या आहेत? आमच्या वर्गात निम्म्याहून अधिक मुले गोंड समाजाची आहेत, म्हणून हे जाणून घ्यावेसे वाटते.

उत्तर : आपण पाहिलेला चित्रपट १९८३ चा आहे आणि मूळ चित्रपट १९४७ चा. राल्फ स्मार्ट यांनी दिग्दर्शित केलेल्या त्या मूळ चित्रपटात हेलनची भूमिका हेलन ग्रीव्ह या मुलीने केली होती. त्याआधी १९४६ मध्ये आलेल्या 'द ओव्हरलँडर्स' या चित्रपटातही ती दिसते. महायुद्धाच्या काळात गुरांचा प्रचंड कळप उत्तरेकडून हजारो मैल हाकत नेणाऱ्या माणसांची ती कथा असून त्यांत मुलांसह निघालेले एक कुटुंब आहे आणि हेलन त्या कुटुंबातील धाकटी मुलगी झाली आहे. तिच्या वाट्याला किडमनसारखी कीर्ती आली नाही. चित्रपटाच्या श्रेयनामावलीत नाव आहे, पडद्यावर चेहरा आहे आणि तेवढ्यावरच आज तिची ओळख टिकून आहे.

'बुश ख्रिसमस' तयार झाला तो ब्रिटनमधील रँक कंपनीच्या बालचित्रपट विभागासाठी. मेरी फील्ड या बाई त्या विभागाच्या प्रमुख होत्या आणि शनिवारी सकाळी मुलांसाठी भरणाऱ्या चित्रपट-क्लबांना साजेसे चित्रपट काढणे, हे त्या विभागाचे काम होते. कथा साधी आहे. घोडेचोर एका शेतकऱ्याची घोडी आणि शिंगरू पळवतात आणि पाच मुले त्यांच्या मागावर डोंगरात शिरतात. या पाचांपैकी एक आदिवासी मुलगा आहे. ती भूमिका नेझा सॉन्डर्स या आदिवासी मुलानेच केली आणि चित्रपटातही त्याचे नाव नेझाच ठेवले गेले. चोरांचा सरदार झालेला चिप्स रॅफर्टी हा त्या काळचा ऑस्ट्रेलियातील सर्वांत लोकप्रिय नट होता.

आपल्या प्रश्नाचा दुसरा भाग मला अधिक महत्त्वाचा वाटतो. रानात वाट चुकलेल्या मुलांना जगवतो तो नेझा. कशाचा माग कसा काढायचा आणि भूक लागली तर खाण्याजोगे काय कुठे सापडते, हे त्याला ठाऊक असते. आपल्या वर्गातील एखादा मुलगा पावसाळ्यात वास्ते, म्हणजे बांबूचे कोवळे कोंब, कुठे फुटतात आणि उन्हाळ्यात टेंभरे कोणत्या झाडाला लागतात हे शहरातून आलेल्या पाहुण्याला दाखवील, तसेच ते आहे. मात्र नेझाच्या घरी कोणती गोष्ट सांगितली जात होती, त्या डोंगराबद्दल त्याचे लोक काय मानत होते, त्या चोरीकडे त्याची आई कशी पाहत होती, यांतील काहीही चित्रपट विचारत नाही. रानाचे ज्ञान त्याच्याकडून घेतले जाते, गोष्ट मात्र गोऱ्या मुलांची राहते.

हा साचा पुढे बराच काळ टिकला. आपण पाहिलेल्या 'बुश ख्रिसमस'चे दिग्दर्शक हेन्री साफ्रन यांनीच १९७६ मध्ये 'स्टॉर्म बॉय' हा बालचित्रपट केला होता. दक्षिण ऑस्ट्रेलियातील कूराँग नावाच्या खाऱ्या खाजणाच्या काठी राहणारा एकाकी मुलगा, त्याने वाढवलेला पेलिकन पक्षी आणि फिंगरबोन बिल हा आदिवासी माणूस अशी ती कथा आहे. बिलची भूमिका उत्तर ऑस्ट्रेलियातील योल्ङू या आदिवासी समाजातील डेव्हिड गुलपिलिल यांनी केली. मला हा चित्रपट मनापासून आवडतो, कारण गुलपिलिल नुसते चालत आले तरी वाळूची ती टेकडी कोणाची आहे हे कळते. तरीही कथेच्या मध्यभागी गोरा मुलगाच आहे आणि आदिवासी माणूस त्याला शहाणे करण्यासाठी आलेला आहे. त्यानंतरच्याच वर्षी, १९७७ मध्ये, आलेल्या 'डॉट अँड द कांगारू' या चित्रपटात खऱ्या जंगलाच्या दृश्यांवर हाताने काढलेली चित्रे हलतात. तो एथेल पेडली यांच्या १८९९ च्या पुस्तकावर बेतलेला आहे. पाणथळ जागी राहणाऱ्या बनियिप नावाच्या भयंकर प्राण्याची आदिवासी कल्पना त्यात येते खरी, पण ती गाण्यातील भीतीपुरतीच. सुरुवातीच्या बालचित्रपटांत आदिवासी कथांचे रंग पुष्कळ आले, कथा सांगणारा मात्र क्वचितच आला, असेच मला म्हणावे लागते.

प्रश्न : अहेरी तालुक्यातील महाविद्यालयात शिकणारा एक विद्यार्थी विचारतो : ऑस्ट्रेलियाच्या 'जेड्डा' या जुन्या चित्रपटातील आदिवासी नायिकेचे नाव एका ठिकाणी न्गार्ला कुनोथ असे वाचले आणि दुसऱ्या ठिकाणी रोझली कुनोथ-मंक्स असे वाचले. या दोघी वेगळ्या आहेत की एकच? आणि एवढ्या गाजलेल्या चित्रपटानंतर ती कुठे गेली?

उत्तर : एकच. या प्रश्नासाठी मी आपला ऋणी आहे, कारण या बाईंविषयी लिहावे असे माझ्या मनात बरेच दिवस होते.

रोझली यांचा जन्म ४ जानेवारी १९३७ रोजी ऑस्ट्रेलियाच्या मध्यभागातील युटोपिया या भागात झाला. अॅलिस स्प्रिंग्ज या गावापासून ईशान्येला पसरलेला तो कोरडा, लाल मातीचा मुलूख पुढे तेथील आदिवासी स्त्रियांच्या बाटिक कापडामुळे आणि चित्रकलेमुळे जगभर ओळखला गेला. शिक्षणासाठी रोझली अॅलिस स्प्रिंग्जमधील सेंट मेरीज या अँग्लिकन मिशनच्या वसतिगृहात राहत होत्या. तिथेच चार्ल्स शोव्हेल आणि त्यांच्या पत्नी एल्सा शोव्हेल आपल्या चित्रपटासाठी आदिवासी मुलीच्या शोधात आले आणि त्यांनी रोझलीची निवड केली. तेव्हा ती जेमतेम सोळा वर्षांची होती. चित्रपट म्हणजे काय आणि आपल्याकडून कसले काम करून घेतले जाणार आहे, याची त्या वेळी आपल्याला कल्पनाच नव्हती, असे त्यांनी पुढे मुलाखतींतून सांगितले आहे.

चित्रपटाच्या नामावलीत ती न्गार्ला कुनोथ झाली. वसतिगृहात आणि घरी तिला ज्या नावाने हाक मारत होते ते पडद्याला पुरेसे 'आदिवासी' वाटले नाही, म्हणून चित्रपटासाठी तिला दुसरे नाव चिकटवण्यात आले. मला ही गोष्ट फार लागते. तरुणपणी मी दक्षिण गडचिरोलीतील एका आश्रमशाळेत दोन वर्षे शिकवत होतो. घरी ज्या नावाने मूल ओळखले जाई ते माडिया नाव दाखल-खारीज रजिस्टरमध्ये 'शुद्ध' करून लिहिण्याची तिथे पद्धत होती आणि नवीन नावाने हजेरी घेतली की सुरुवातीचे काही महिने मुले 'हजर' म्हणतच नसत, कारण आपल्याला हाक मारली आहे हे त्यांना कळतच नसे. आपल्याकडे नाव अधिक सभ्य करण्यासाठी बदलले गेले आणि तिकडे अधिक रानटी वाटावे म्हणून बदलले गेले. दोन्हीकडे त्या मुलांना मात्र कोणी विचारले नाही.

'जेड्डा'ची कथा आदिवासींच्या तोंडून आलेली नाही, ती शोव्हेल दांपत्याने रचलेली आहे. आई गमावलेल्या एका आदिवासी तान्हुलीला गुरांच्या मोठ्या वाडीवरील गोरी मालकीण स्वतःचे मूल दगावल्यावर आपल्या घरी वाढवते आणि तिला तिच्या लोकांपासून, त्यांच्या भाषेपासून, गाण्यांपासून कटाक्षाने दूर ठेवते. मोठी झालेली जेड्डा मारबुक नावाच्या आदिवासी पुरुषाकडे ओढली जाते, तो तिला पळवून नेतो, त्याचेच लोक रूढी मोडल्याबद्दल त्याला मंत्रगीताने मृत्यूची शिक्षा देतात आणि शेवटी दोघेही कड्यावरून कोसळून मरतात. आदिवासी मुलांना त्यांच्या घरांतून काढून मिशनमध्ये आणि गोऱ्या कुटुंबांत ठेवण्याचे सरकारी धोरण त्या काळी चालूच होते. त्या मुलांच्या पिढ्यांना पुढे 'चोरलेल्या पिढ्या' हे नाव पडले, १९९७ मध्ये त्यांच्यावरचा सविस्तर चौकशी अहवाल आला आणि १३ फेब्रुवारी २००८ रोजी पंतप्रधान केव्हिन रड यांनी संसदेत त्यांची माफी मागितली. 'जेड्डा'त या धोरणाची चर्चा होते, वादही होतो, परंतु दोन्ही बाजूंनी बोलतात ती गोरी माणसे. जेड्डाच्या तोंडी स्वतःच्या आयुष्याविषयी फारच थोडे शब्द आहेत.

तांत्रिक बाजूही सांगायला हवी, कारण चित्रपटाचा इतिहासात उल्लेख होतो तो मुख्यतः तिच्यामुळे. 'जेड्डा' हा ऑस्ट्रेलियातील पहिला रंगीत कथापट आणि आदिवासी कलावंतांना प्रमुख भूमिका देणाराही पहिलाच. गेव्हाकलर या रंगपद्धतीची फिल्म धुण्याची सोय तेव्हा त्या देशात नव्हती, त्यामुळे चित्रित झालेली रिळे विमानाने इंग्लंडला पाठवावी लागत. त्यांतील शेवटच्या भागाची रिळे विमान अपघातात नष्ट झाली आणि तो भाग न्यू साउथ वेल्समधील कनांग्रा येथील कड्यांवर पुन्हा चित्रित करावा लागला. म्हणजे पडद्यावरील जेड्डा ज्या मुलखात वाढते, तिथून फार दूरच्या डोंगरात तिचा शेवट होतो. ३ जानेवारी १९५५ रोजी डार्विन शहरातील स्टार थिएटरमध्ये पहिला खेळ झाला, त्याच वर्षी चित्रपट कान महोत्सवाच्या स्पर्धेतही गेला. त्याच वर्षी आपल्या देशात बालचित्रपट संस्था स्थापन झाली, हे जाता जाता नोंदवतो.

मारबुक झालेले रॉबर्ट टुडावाली मेलव्हिल बेटावरील तिवी समाजाचे होते. 'जेड्डा'नंतर त्यांना थोडी कामे मिळाली, मग दारिद्र्य आणि आजारपण आले. आदिवासींच्या हक्कांच्या चळवळीत ते उतरले होते. १९६७ मध्ये भाजल्याने डार्विनमध्ये त्यांचा अंत झाला.

रोझली यांनी मात्र चित्रपटाकडे पाठ फिरवली. त्या मेलबर्नला जाऊन अँग्लिकन जोगीण झाल्या आणि सुमारे दहा वर्षे मठात राहिल्या. मग मठ सोडून त्या आदिवासींमध्ये काम करू लागल्या, १९७० मध्ये त्यांनी बिल मंक्स यांच्याशी विवाह केला आणि व्हिक्टोरिया राज्यात आदिवासी मुलांसाठी वसतिगृह सुरू केले. १९७७ मध्ये त्या अॅलिस स्प्रिंग्जला परतल्या. तेथील पवित्र स्थळे बुडवणाऱ्या धरणाच्या योजनेला त्यांनी विरोध केला, त्या राजकारणातही उतरल्या, आपल्या भागाच्या स्थानिक संस्थेच्या अध्यक्ष झाल्या आणि बॅचलर इन्स्टिट्यूट या आदिवासींच्या उच्चशिक्षण संस्थेच्या कुलपतीही झाल्या. २००७ मध्ये केंद्र सरकारने उत्तर प्रांतातील आदिवासी वस्त्यांवर हस्तक्षेपाचे कायदे लादले, तेव्हा वृद्धापकाळी त्यांनी पुन्हा आवाज उठवला. २०१४ मध्ये दूरचित्रवाणीवरील एका चर्चेत आदिवासींकडे 'समस्या' म्हणून पाहिले जात असताना त्या ठामपणे बोलल्या. आपली भाषा जिवंत आहे, आपण आजही ती बोलतो आणि आपण कोणाची समस्या नाही, असे त्यांनी ठणकावून सांगितले. ज्या मुलीला पडद्यावर चार वाक्येही स्वतःची मिळाली नव्हती, तिचे हे बोलणे जगभर लाखो लोकांनी ऐकले. 'जेड्डा' पाहणाऱ्याने ते अवश्य ऐकावे. चित्रपटात जे राहून गेले, ते तिथे सापडते.

२६ जानेवारी २०२२ रोजी त्यांचे निधन झाले. आयुष्यभर त्यांनी रोझली हेच नाव लावले.

याच संदर्भात आपल्याला उपयोगी पडेल असा एक लघुपट सुचवतो. ट्रेसी मॉफॅट या आदिवासी दिग्दर्शिकेने १९९० च्या सुमारास 'नाइट क्राइज' नावाचा सतरा मिनिटांचा लघुपट केला. त्यात जेड्डा मेलेली नाही. ती मध्यमवयीन झाली आहे आणि जिने तिला वाढवले त्या अंथरुणाला खिळलेल्या गोऱ्या म्हातारीची सेवा करते आहे. एकही संवाद नसताना माया, राग आणि अडकलेपण एकाच वेळी कसे दाखवता येते, हे आपल्यासारख्या अभ्यासू विद्यार्थ्याने पाहावे.

प्रश्न : वडसा येथील झाडीपट्टी रंगभूमीवरील एक कलावंत : ऑस्ट्रेलियातील काही चित्रपटांच्या आरंभी 'यात मृत व्यक्तींची नावे व चित्रे आहेत' अशी सूचना येते. ती कशासाठी?

उत्तर : तेथील अनेक आदिवासी समाजांत मृत माणसाचे नाव काही काळ उच्चारत नाहीत आणि त्याचे चित्रही पाहत नाहीत. तो दुःखाचा आणि आदराचा भाग आहे. हा काळ किती असावा हे त्या त्या समाजाने आणि कुटुंबाने ठरवायचे असते आणि कुटुंबाने संमती दिली की नाव पुन्हा घेता येते. चित्रपटात तर माणूस गेल्यावरही बोलत, चालत राहतो, म्हणून आधी सावध केले जाते. आपण मंडईच्या, म्हणजे दिवाळीनंतरच्या गावजत्रांच्या, दिवसांत रात्र-रात्र नाटके करता, जाहिरातीवर नाव बारीक अक्षरांत छापले गेले तर कलावंताला काय वाटते हे जाणता. नाव कधी घ्यायचे आणि कधी घ्यायचे नाही, याचा अधिकार माणसाकडे आणि त्याच्या घरच्यांकडे असावा, एवढाच या सूचनेचा अर्थ आहे.

प्रश्न : सालेकसा तालुक्यातील शिक्षिकांनी आपल्या पत्राच्या शेवटी आणखी एक प्रश्न विचारला होता. तो मुद्दाम शेवटी घेतला आहे. त्या लिहितात : कचारगडाच्या गुहेत कोंडलेल्या मुलांची गोष्ट आमच्या मुलांना घेऊन मोबाइलवर चित्रित करावी, असे मनात आहे. काय काळजी घ्यावी?

उत्तर : ही गोष्ट अन्य वाचकांसाठी थोडक्यात सांगतो. गोंड समाजाच्या श्रद्धेनुसार कली कंकालीची ३३ मुले कचारगडाच्या गुहेत कोंडली गेली होती. रायताड जंगोने त्यांची कणव केली, पारी कुपार लिंगोने त्यांच्या सुटकेचा मार्ग शोधला आणि हिरासुका पाटालीर याने किंगरी हे तंतुवाद्य वाजवून गुहेतील मुलांच्या अंगी बळ आणले. मुलांनी दाराची शिळा सरकवली, मुले सुटली, पण त्या शिळेखाली हिरासुका चिरडला गेला. दर माघ पौर्णिमेला तिथे जत्रा भरते आणि मध्य प्रदेश, छत्तीसगड, तेलंगणातूनही लोक येतात. कोंडलेली मुले संगीताच्या जोरावर स्वतःच शिळा हलवतात, याहून चांगली बालचित्रपटाची कथा मला सुचत नाही.

परंतु ही आपल्या वर्गातील मुलांच्या देवांची कथा आहे, म्हणून कॅमेरा काढण्याआधी गावातील जाणत्यांकडे, भूमकाकडे, म्हणजे गावच्या पुजाऱ्याकडे, जाऊन बसावे. कोणता भाग दाखवता येतो, कोणता फक्त सांगायचा असतो, कोणते नाव कोणी घ्यायचे, हे ते सांगतील. कथेचे पाठभेद गावागणिक आढळतात, तेव्हा पुस्तकात वाचलेले आणि आजीने सांगितलेले वेगळे निघाले, तर आपण आजीचे घ्यावे असे माझे मत आहे. २००६ मध्ये आलेल्या 'टेन कनूज' या चित्रपटाचे उदाहरण येथे मोलाचे आहे. त्यातील संवाद संपूर्णपणे आदिवासी भाषांत आहेत. रामिंगिनिंग या गावच्या योल्ङू लोकांनी तो घडवण्यात बरोबरीने भाग घेतला. त्याची प्रेरणा डोनाल्ड थॉमसन या मानववंशशास्त्रज्ञाने १९३० च्या दशकात काढलेल्या छायाचित्रांतून आली होती. गावकऱ्यांनी त्या छायाचित्रांत आपले आजे-पणजे ओळखले आणि कोणी कोणाची भूमिका करायची हे बरेचसे नात्यांवरून ठरवले. पती-पत्नीच्या भूमिका करणाऱ्यांचे नाते समाजाच्या नियमांत बसणारे असावे, हाही त्यांचा आग्रह होता. दिग्दर्शकाला चेहरा आवडला एवढ्यावर तिथे भागले नाही. आपल्याकडेही सगा-गोत्रांचे नियम आहेत, म्हणून जंगो कोणी व्हायचे आणि लिंगो कोणी, हे मुलांच्या घरच्यांना विचारूनच ठरवावे.

भाषा गोंडीच ठेवावी. मुलांना शाळेत गोंडी बोलायला संकोच वाटत असेल, तर चित्रीकरण शाळेत न करता पाड्यावर करावे. मराठी वाचकांसाठी खाली ओळी देता येतील. किंगरी वाजवणारा जुना माणूस आसपास असेल, तर ध्वनिमुद्रण त्याचेच घ्यावे, मोबाइलवर मिळणारे तयार संगीत लावू नये. वादकाला मानधन द्यावे आणि चित्रपट पूर्ण झाला की पहिला खेळ शहरातील स्पर्धेत न करता त्या पाड्यावर, चादर बांधून, करावा.

नामावलीत मुलांची नावे घरी ज्या उच्चाराने घेतली जातात त्याच उच्चाराने लिहावीत आणि हजेरीपटावरून उतरवून घेऊ नयेत. प्रत्येकाच्या आईला एकदा वाचून दाखवावीत. माघ पौर्णिमेच्या गर्दीत जाणत्यांशी निवांत बोलणे होणार नाही, म्हणून धानाची मळणी आटोपली की लगेच, मार्गशीर्ष-पौषातच, त्यांच्या भेटी घ्याव्यात. चित्रपट तयार झाला की मला कळवावे, पाड्यावरच्या पहिल्या खेळाला यायची माझी इच्छा आहे.